एक डिजिटल गेम, दोन कन्सोल: वाटून खेळण्याची पूर्ण रीत

डिस्कचा गेम असेल तर वाटून खेळण्यात काही अवघड नाही. एका कन्सोलमधून, म्हणजे गेमच्या यंत्रातून, काढायची, दुसऱ्यात घालायची. डिजिटल गेममध्ये हातात धरण्यासारखे काहीच नसते. पैसे देऊन आपण घेतो ते लायसन्स, आणि ते आपल्या अकाउंटवर नोंदलेले असते. डाउनलोड झालेली फाइल दहा यंत्रांवर ठेवली तरी कुणाची हरकत नाही. अडवणूक होते ती गेम सुरू करताना, लायसन्स तपासले जाते तेव्हा. म्हणून प्रश्न गेम ‘कॉपी’ कसा करायचा हा नाही. तपासणीच्या वेळी दोन्ही यंत्रांना होकार कसा मिळेल, एवढाच आहे.

समजा, गेम ताईच्या अकाउंटवर घेतलेला आहे आणि दुसरा कन्सोल धाकट्या भावाचा आहे. पुढे सगळीकडे हेच दोघे धरून चालू.

लायसन्स दोन वाटांनी पोचते

प्लेस्टेशन आणि एक्सबॉक्स या दोन्हींत गेमचे लायसन्स दोन वेगळ्या वाटांनी कन्सोलपर्यंत पोचते.

पहिली वाट माणसाची. ताई जगातल्या कुठल्याही कन्सोलवर आपल्या अकाउंटने साइन-इन झाली की तिचे गेम तिथे चालतात. अट एवढीच की इंटरनेट चालू हवे आणि गेम तिच्याच प्रोफाइलवरून सुरू व्हायला हवा.

दुसरी वाट यंत्राची. ताई कुठल्या तरी एकाच कन्सोलला ‘हे माझे घरचे यंत्र’ असा शिक्का देऊ शकते. एक्सबॉक्स त्याला ‘होम एक्सबॉक्स’ म्हणतो, पीएस४ (प्लेस्टेशन ४) वर ‘प्रायमरी’ म्हणतात आणि पीएस५ वर त्या सेटिंगला ‘कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले’ असे लांबलचक नाव आहे. शिक्का असलेल्या यंत्रावर ताईचे गेम कुणीही आपापल्या प्रोफाइलवरून खेळू शकतो. ताई तिथे साइन-इन असण्याची गरज नाही, आणि विकत घेतलेल्या गेमना इंटरनेटही लागत नाही.

मेख इथेच आहे. बहुतेक जण शिक्का स्वतःच्या यंत्राला देतात, कारण ‘घरचे यंत्र’ म्हटल्यावर आपलेच डोळ्यांसमोर येते. मग भावाच्या कन्सोलवर ताईचे प्रोफाइल उघडून खेळायची वेळ येते आणि दोघे एकमेकांना बाहेर ढकलत बसतात. शिक्का द्यायचा तो भावाच्या यंत्राला. ताईला त्याची गरज नसते, कारण तिचे लायसन्स तिच्याबरोबर फिरतेच. असे लावले की भाऊ यंत्राच्या वाटेने खेळतो, ताई माणसाच्या वाटेने, आणि दोघे एकाच वेळी एकच गेम खेळू शकतात, ऑनलाइन एकमेकांविरुद्धसुद्धा.

निन्टेन्डो स्विचचे गणित वेगळे आहे. ते पुढे स्वतंत्र घेऊ, कारण प्लेस्टेशनची सवय तिथे घेऊन गेलात तर फसगत होते.

हात लावण्यापूर्वी

दोन गोष्टी तपासा. पहिली, ज्याच्या यंत्रावरून शिक्का निघणार आहे त्याच्याकडचे इंटरनेट. ताईचे गेम तिच्याच कन्सोलवर आता तपासणीशिवाय सुरू होणार नाहीत. तिचे कनेक्शन दिवसातून तीनदा जात असेल तर ही सगळी रचना तिला डोकेदुखी होईल.

दुसरी, जागा. गेम दोन्ही यंत्रांवर वेगवेगळा उतरवावा लागतो, आणि मोठे गेम १०० जीबीच्या आसपास किंवा त्याहून जास्त जागा खातात. एक्सबॉक्स सिरीज एसच्या ५१२ जीबी मॉडेलमध्ये वापरता येण्याजोगी जागा ३६४ जीबीच्या आसपास असते, पहिल्या पीएस५ च्या ८२५ जीबीपैकी सुमारे ६६७. म्हणजे ‘ताईची सगळी लायब्ररी आता माझी’ हे कागदावर खरे असले तरी एका वेळी यंत्रावर मावणार चार-पाच मोठे गेम.

कन्सोलची जातही जुळायला हवी. प्लेस्टेशनचा गेम एक्सबॉक्सवर जाणार नाही हे उघड आहे. पण पीएस५ चा गेम पीएस४ वर चालत नाही आणि स्विच २ चा गेम जुन्या स्विचवर चालत नाही, हे घाईत विसरले जाते.

प्लेस्टेशन ५ आणि ४

आधी ताईच्या पीएस५ वर, ताईच्या प्रोफाइलमधून:

१. सेटिंग्ज उघडा, ‘युजर्स अँड अकाउंट्स’ निवडा.
२. ‘अदर’मध्ये जाऊन ‘कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले’ उघडा.
३. चालू असेल तर ‘डिसेबल’ करा.

हे बहुधा चालूच असते. नव्या पीएस५ वर पहिल्यांदा अकाउंट टाकले, आणि ते आधी दुसऱ्या कुठल्या पीएस५ वर चालू नसले, की कन्सोल हे सेटिंग आपोआप लावतो. ‘मी तर काहीच केले नव्हते’ असे म्हणणाऱ्याच्या यंत्रावरही शिक्का असतो तो यामुळे.

आता भावाच्या पीएस५ वर:

४. ‘अ‍ॅड युजर’ करून ताईचे अकाउंट जोडा. पासवर्ड टाइप करण्याऐवजी स्क्रीनवरचा क्यूआर कोड ताईने आपल्या फोनवर स्कॅन करणे उत्तम. पासवर्ड भावाच्या नजरेसमोर येतच नाही.
५. ताईच्याच प्रोफाइलमधून त्याच मेनूत जाऊन आता ‘एनेबल’ करा.
६. ताईच्या ‘गेम लायब्ररी’तून हवे ते गेम डाउनलोडला लावा. ही पायरी वगळू नका. भावाच्या लायब्ररीत ताईच्या खरेदीची यादी दिसत नाही; गेम एकदा त्या यंत्रावर उतरला की मगच भावाच्या होम स्क्रीनवर त्याची टाइल (गेमचे चौकोनी चित्र) येते.
७. भावाच्या प्रोफाइलवर परत या आणि गेम सुरू करा.

ताईचे प्रोफाइल नंतर त्या यंत्रावरून काढून टाकू नका. ते तिथे राहायला हवे, फक्त त्यावर खेळायचे नाही.

पीएस४ वर वाट छोटी आहे: सेटिंग्ज, ‘अकाउंट मॅनेजमेंट’, ‘अ‍ॅक्टिव्हेट अ‍ॅज युवर प्रायमरी पीएस४’. काढायचे असेल तर तिथेच ‘डीअ‍ॅक्टिव्हेट’. पीएस४ आणि पीएस५ चे शिक्के स्वतंत्र असतात, त्यामुळे एकाच अकाउंटचा एक शिक्का एका पीएस४ ला आणि दुसरा एका पीएस५ ला देता येतो. एकाकडे जुने आणि दुसऱ्याकडे नवे यंत्र असेल तर कुणाला काही सोडावे लागत नाही. मात्र पीएस४ वर पीएस४ ची आवृत्ती असलेलेच गेम चालतील.

जुने यंत्र हाताशी नसेल, बिघडले किंवा आधीच विकले असेल, तर प्लेस्टेशनच्या वेबसाइटवर अकाउंट मॅनेजमेंटमधल्या ‘डिव्हाइस मॅनेजमेंट’मधून शिक्का काढता येतो. पण तिथून सरसकट सगळी यंत्रे बंद करण्याची मुभा ६ महिन्यांतून एकदाच मिळते. यंत्रासमोर बसून बंद करायला असे बंधन नाही. म्हणून वेबसाइटचा उपाय अडचणीच्या दिवसासाठी राखून ठेवा. आळसापोटी वापरून टाकू नका.

पीएस प्लस (प्लेस्टेशनचे पैसे भरून घ्यायचे सबस्क्रिप्शन) ताईकडे असेल तर शिक्का असलेल्या यंत्रावर भावालाही ऑनलाइन मल्टिप्लेअर आणि सबस्क्रिप्शनमधले गेम मिळतात. क्लाउड सेव्हची (खेळातली प्रगती इंटरनेटवर साठवण्याची) जागा आणि स्टोअरमधल्या सवलती मात्र ताईच्याच राहतात.

एक्सबॉक्स

सिरीज एक्स, सिरीज एस आणि एक्सबॉक्स वन या सगळ्यांवर रीत एकच.

भावाच्या कन्सोलवर ताईचे प्रोफाइल जोडून साइन-इन करा. कंट्रोलरवरचे एक्सबॉक्स बटण दाबा, ‘प्रोफाइल अँड सिस्टिम’मधून सेटिंग्ज, मग ‘जनरल’, ‘पर्सनलायझेशन’, ‘माय होम एक्सबॉक्स’, आणि शेवटी ‘मेक धिस माय होम एक्सबॉक्स’. झाले. जुन्या यंत्रावर जाऊन काही बंद करायची गरज नाही. नवे होम लागले की जुन्याचा दर्जा आपोआप जातो.

सोपे आहे म्हणून उगाच खेळत बसू नका. होम एक्सबॉक्स वर्षभरात ५ वेळाच बदलता येतो. ‘शनिवार-रविवारी तुझ्याकडे, सोमवारी परत माझ्याकडे’ असा फिरता रंगमंच चालवायचा विचार असेल तर तो तिसऱ्याच आठवड्यात बंद पडेल.

ताईकडे गेम पास (एक्सबॉक्सचे सबस्क्रिप्शन) असेल तर होम यंत्रावर भावालाही त्यातले गेम आपल्या प्रोफाइलवरून खेळता येतात, ऑनलाइन मल्टिप्लेअरसकट. क्लाउडवरून गेम खेळण्याची सोय किंवा पीसीवरचा गेम पास असा वाटला जात नाही; तो ताईपुरताच. फुकट खेळता येणाऱ्या गेमना एप्रिल २०२१ पासून ऑनलाइनसाठी सबस्क्रिप्शन लागतच नाही, त्यामुळे फक्त तेवढेच खेळणाऱ्याने या भानगडीत पडू नये.

डाउनलोडचा वेळ एक्सबॉक्सवर चांगला वाचवता येतो. दोन्ही कन्सोल एकाच घरातल्या नेटवर्कवर असतील तर ज्याच्यावर गेम आहे त्या यंत्रात सेटिंग्ज, ‘सिस्टिम’, ‘बॅकअप अँड ट्रान्सफर’ इथे ‘नेटवर्क ट्रान्सफर’ला परवानगी द्या. मग दुसऱ्या यंत्रावरून तो गेम घरातल्या घरात ओढून घेता येतो. वायफायपेक्षा दोन्ही यंत्रे केबलने राउटरला जोडली तर फरक डोळ्यांना दिसतो. घरे वेगळी असतील तर एक्स्टर्नल ड्राइव्ह: किमान १२८ जीबी आणि यूएसबी ३.० हवी. एका यंत्रावर गेम त्यात हलवा आणि ड्राइव्ह दुसऱ्याला जोडा. सिरीज एक्स आणि एससाठी खास बनलेले गेम साध्या यूएसबी ड्राइव्हवरून चालत नाहीत. ते आतल्या स्टोरेजमध्ये घ्यावे लागतात. जुने एक्सबॉक्स वनचे गेम थेट ड्राइव्हवरून चालतात. ड्राइव्हबरोबर लायसन्स मात्र जात नाही. वरची होमची पायरी झाली नसेल तर ती ड्राइव्ह म्हणजे नुसते ओझे.

दोघांकडे आपापली खरेदी असेल तर: अदलाबदल

आत्तापर्यंत गेम ताईचेच होते. दोघांनीही गेम घेतलेले असतील तर शिक्क्यांची अदलाबदल करा: ताई आपला शिक्का भावाच्या यंत्राला देते, भाऊ आपला शिक्का ताईच्या यंत्राला देतो. आता दोघांनाही दोन्ही लायब्ररी खुल्या. प्लेस्टेशन आणि एक्सबॉक्सवर दोन यंत्रांमध्ये यापेक्षा जास्त काही मिळत नाही, आणि ज्यांचा एकमेकांवर विश्वास आहे त्यांनी हेच करावे. तिसरा माणूस यात बसत नाही, कारण शिक्का एकच असतो.

या रचनेत इंटरनेट गेल्यावर एक गमतीशीर उलथापालथ होते. ताईच्या घरची लाइन गेली तर तिच्या स्वतःच्या पैशांचे गेम तिच्या यंत्रावर उघडत नाहीत, कारण ते माणसाच्या वाटेचे आणि त्या वाटेला तपासणी लागते. भावाचे गेम मात्र खुशाल चालतात, कारण त्याचा शिक्का तिच्या यंत्रावर आहे. म्हणून लांबलचक एकट्याने खेळायचे गेम, जे नेट नसताना खेळावेसे वाटतात, ते घ्यायची वेळ आली की कुणाच्या अकाउंटवर घ्यायचे हे बोलून घ्या. ताईला तो गेम ऑफलाइन हवा असेल तर तो भावाच्या अकाउंटवर घेणे शहाणपणाचे, ऐकायला कितीही उलटे वाटले तरी.

सबस्क्रिप्शनही असेच वाटून घेता येते. पीएस प्लस किंवा गेम पास दोघांपैकी एकानेच ठेवावा. समोरच्याला तो आपल्या यंत्रावर मिळतोच. दोघांनी दोन घेऊन ठेवणे म्हणजे एकाच पाण्याचे दोनदा बिल भरणे. अपवाद क्लाउड सेव्हचा. प्लेस्टेशनवर ते ज्याचे त्याला लागते. एक्सबॉक्सवर क्लाउड सेव्ह सगळ्यांना फुकट आहे.

निन्टेन्डो स्विच: इथे शिक्का नाही, कार्ड आहे

स्विचवरही पूर्वी ‘प्रायमरी कन्सोल’ची पद्धत होती आणि जुने लेख अजून तेच सांगतात. एप्रिल २०२५ च्या अखेरीस आलेल्या २०.०.० या सिस्टिम अपडेटने ती बदलली. आता प्रत्येक डिजिटल गेमचे एक ‘व्हर्च्युअल गेम कार्ड’ असते. खऱ्या कार्डासारखेच ते एका वेळी एकाच यंत्रात बसते. ज्या यंत्रात ते ‘लोड’ आहे तिथे त्या यंत्रावरचा कुठलाही युजर गेम खेळू शकतो, इंटरनेटशिवायही. दुसऱ्या यंत्रावर हवा असेल तर इथून काढा, तिथे घाला.

यात फायदा असा की प्रत्येक गेमचा निर्णय वेगळा घेता येतो: रेसिंगचा गेम भावाच्या यंत्रात, कोड्यांचा ताईच्या. आणि तोटा असा की एकच प्रत दोघांनी एकाच वेळी खेळायची हौस या पद्धतीत भागत नाही. तसे हवे असेल तर दोन प्रती घ्या.

एका निन्टेन्डो अकाउंटला कार्डांसाठी २ यंत्रे जोडता येतात. पहिल्यांदा जोडताना:

१. दोन्ही यंत्रे अपडेट करा आणि दोन्हींवर ताईचे निन्टेन्डो अकाउंट एखाद्या युजरला जोडलेले आहे ना, ते बघा.
२. दोन्ही यंत्रे शेजारी शेजारी ठेवा आणि दोन्हींना इंटरनेट द्या. पहिली ओळख लोकल वायरलेसने होते, त्यामुळे एक यंत्र दुसऱ्या गावी असेल तर हे जमणार नाही.
३. होम मेनूत ‘व्हर्च्युअल गेम कार्ड्स’ उघडा आणि स्क्रीनवर येईल तसे दोन्ही यंत्रे जोडून घ्या.
४. आता ताईच्या यंत्रावर गेम निवडून ‘इजेक्ट’ करा, भावाच्या यंत्रावर त्याच यादीत जाऊन ‘लोड’ करा. डाउनलोड सुरू होईल.

एकदा ओळख झाली की पुढची ने-आण नुसत्या इंटरनेटवरून होते. यंत्रे जवळ असायची गरज उरत नाही. इजेक्ट केल्यावर ताईच्या यंत्रावरचा सेव्ह डेटा जात नाही. कार्ड परत आले की खेळ होता तिथूनच पुढे.

भावाचे स्वतःचे निन्टेन्डो अकाउंट असेल आणि त्याच्या यंत्रावर ताईचे अकाउंट ठेवायचे नसेल, तर उधारीची सोय आहे. दोघे एकाच ‘फॅमिली ग्रुप’मध्ये हवेत, त्यात ८ जणांपर्यंत घेता येतात. उधार देताना दोन्ही यंत्रे पुन्हा जवळ आणावी लागतात. गेम १४ दिवसांसाठी जातो, तेवढ्या काळात ताईला तो खेळता येत नाही, आणि मुदत संपली की कार्ड आपोआप परत येते. घेणाऱ्याकडे एका वेळी एकच उधार गेम असू शकतो. त्याचा सेव्ह त्याच्या यंत्रावर राहतो, त्यामुळे पुन्हा उधार घेतला की नव्याने सुरुवात करावी लागत नाही. महिनाभर चालणाऱ्या मोठ्या गेमला १४ दिवस अपुरे पडतात. दर पंधरवड्याला भेट होत असेल तरच ही वाट सोयीची.

जुन्या पद्धतीची आठवण येणाऱ्यांसाठी एक पळवाट ठेवलेली आहे. होम स्क्रीनवर आपल्या युजरच्या चित्रावर जा, ‘युजर सेटिंग्ज’मध्ये ‘ऑनलाइन लायसन्स सेटिंग्ज’ उघडा आणि ती चालू करा. मग कार्ड त्या यंत्रात नसले तरी ताई आपल्या युजरवरून, इंटरनेट चालू ठेवून, आपले गेम खेळू शकते. हे फक्त खरेदी करणाऱ्या युजरपुरते आहे.

स्विच २ असेल तर ‘गेमशेअर’ नावाचा आणखी एक प्रकार आहे. ज्या गेममध्ये तशी सोय दिली आहे तो स्विच २ वर सुरू करून जवळच्या दुसऱ्या यंत्रावर, अगदी जुन्या स्विचवरही, सोबत खेळायला देता येतो. सुरुवात स्विच २ वरूनच व्हावी लागते, आणि मालकाने बंद केला की सगळ्यांचा बंद. एक संध्याकाळ एकत्र खेळायला उत्तम, पण याला गेम वाटून घेणे म्हणता येत नाही.

प्लेस्टेशनवरचा ‘शेअर प्ले’ही याच जातीचा: समोरच्याकडे गेम नसला तरी त्याला आपल्या स्क्रीनवर खेळायला बोलावता येते, एका सत्राला ६० मिनिटे. गेम आवडतो का हे बघायला पुरेसा.

काय वाटले जाते, काय नाही

गेम आणि त्याच्या मोठ्या पुरवण्या, म्हणजे नवे नकाशे, कथेचे नवे भाग, वाटल्या जातात. गेममधली नाणी, रत्ने अशी खर्च होणारी खरेदी ज्या अकाउंटवर केली त्यालाच चिकटते. सेव्ह, ट्रॉफी, अचिव्हमेंट ज्याचे त्याचे. भावाने चाळीस तास खेळून उघडलेले पात्र ताईला तिच्या प्रोफाइलवर दिसणार नाही, आणि त्याच्या चुकाही तिच्या सेव्हमध्ये येणार नाहीत.

पुरवणी वेगळ्या अकाउंटवर घेताना प्लेस्टेशनवर एक खड्डा आहे. मूळ गेम एका देशाच्या स्टोअरमधून घेतलेल्या अकाउंटचा आणि पुरवणी दुसऱ्या देशाच्या अकाउंटवरची असेल तर दोन्ही एकमेकांना ओळखत नाहीत. पैसे जातात, पुरवणी ‘खरेदी झाली’ असे दिसते, गेममध्ये मात्र तिचा पत्ता नाही. दोन अकाउंटची स्टोअर वेगळ्या देशांची असतील तर गेम आणि त्याच्या सगळ्या पुरवण्या एकाच अकाउंटवर घ्या.

टाइलवर कुलूप दिसले तर

प्लेस्टेशनवर टाइलच्या कोपऱ्यात छोटे कुलूप, एक्सबॉक्सवर ‘हा गेम तुमचा आहे का’ अशा अर्थाचा प्रश्न. घाबरून गेम डिलीट करू नका. ९० जीबी पुन्हा उतरवावे लागतील आणि कारण बहुधा दुसरेच असते. या क्रमाने बघा.

आधी, खेळतोय कोण? भाऊ शिक्क्याच्या यंत्रावर आपल्याच प्रोफाइलने आहे ना? तो ताईच्या प्रोफाइलवरून खेळत असेल तर ताईने तिकडे साइन-इन करताच तो खेळाच्या मधोमध बाहेर फेकला जाईल. मॅच रंगात आलेली, आणि स्क्रीनवर सूचना: हे अकाउंट दुसरीकडे वापरले जात आहे. अशा तक्रारींमागे पुष्कळदा हीच चूक असते.

मग, शिक्का आहे का? सेटिंग्जमध्ये जाऊन डोळ्यांनी बघा. मध्येच ताईने तिसऱ्या यंत्रावर साइन-इन करून ‘होय’ दाबले असेल तर तो गेलेला असू शकतो.

शिक्का जागेवर असूनही कुलूप असेल तर लायसन्स ताजे करा. पीएस५ वर, ताईच्या प्रोफाइलमधून: सेटिंग्ज, ‘युजर्स अँड अकाउंट्स’, ‘अदर’, ‘रिस्टोअर लायसन्सेस’. पीएस४ वर तेच ‘अकाउंट मॅनेजमेंट’मध्ये आहे. एक्सबॉक्सवर यंत्र पूर्ण बंद करून (बटण १० सेकंद दाबून धरून) पुन्हा चालू करा आणि ताईला एकदा साइन-इन करू द्या.

तरी नाही? वयाचे बंधन बघा. लहान मुलाचे अकाउंट असेल तर गेमच्या वयोगटामुळेही अडवणूक होते, आणि वरवर ती लायसन्सच्या अडचणीसारखीच दिसते. इथे फॅमिली मॅनेजरनेच, म्हणजे मुलांची अकाउंट सांभाळणाऱ्या मोठ्या माणसानेच, परवानगी द्यायला हवी.

‘डिस्क टाका’ असा संदेश येत असेल तर गेम त्या यंत्रावर मूळात डिस्कवरून बसवलेला आहे. प्लेस्टेशनवर डिस्कची प्रत आणि डिजिटल प्रत वेगळी धरली जाते. डिस्कची काढून ताईच्या लायब्ररीतून डिजिटल प्रत उतरवा. पीएस५ वर एकाच गेमच्या पीएस४ आणि पीएस५ अशा दोन आवृत्त्याही असतात. ताईकडे पीएस४ चीच असेल तर पीएस५ च्या आवृत्तीवर कुलूप राहणारच.

एवढे करूनही काही हलले नाही तर त्या सेवेचे सर्व्हर चालू आहेत का, हे त्यांच्या स्टेटस पानावर बघा. सर्व्हर बंद असताना माणसाच्या वाटेचे सगळे गेम एकदम अडतात, शिक्क्याच्या वाटेचे चालू राहतात. नुसत्या या फरकावरूनही दोष कुठे आहे ते कळते.

पासवर्ड, पिन आणि पैसे

दुसऱ्याच्या यंत्रावर आपले अकाउंट ठेवायचे म्हणजे त्याला जोडलेले पेमेंट कार्डही एका बटणाच्या अंतरावर ठेवणे. ताईने भावाच्या यंत्रावरून निघण्यापूर्वी तीन गोष्टी कराव्या: आपल्या प्रोफाइलला पिन लावावा, खरेदीच्या वेळी दर वेळी पासवर्ड विचारला जाईल अशी सोय चालू करावी, आणि अकाउंटला टू-स्टेप व्हेरिफिकेशन लावावे. घरातल्या लहान मुलाकडून नजरचुकीने होणारी खरेदी एवढ्याने थांबते.

आणि हे सारे घरातल्या किंवा अगदी जवळच्या माणसापुरतेच ठेवा. स्वस्तात ‘शेअर्ड अकाउंट’ विकणारे ऑनलाइन भेटतात. ते विकतात तो दुसऱ्याच कुणाच्या तरी अकाउंटचा पासवर्ड. खऱ्या मालकाने पासवर्ड बदलला की गेम गेला, पैसे गेले आणि तक्रार करायला तोंडही नाही, कारण अकाउंट विकणे कंपन्यांच्या नियमांत बसतच नाही. उलट्या बाजूने अनोळखी माणसाच्या यंत्राला आपला शिक्का देणेही तितकेच वाईट. त्याने तिथे फसवणूक करून खेळल्यावर यंत्रावरच बंदी आली तर तुमचा शिक्का बंदी घातलेल्या यंत्रावर राहील आणि तो सोडवण्याची कटकट तुमच्या गळ्यात पडेल.

यंत्र विकताना किंवा वाट वेगळी करताना

भाऊ आपला कन्सोल विकणार असेल तर फॅक्टरी रीसेटच्या आधी ताईचा शिक्का काढून घ्या. पीएस५ वर ‘डिसेबल’, पीएस४ वर ‘डीअ‍ॅक्टिव्हेट’, स्विचवर तिची सगळी कार्डे इजेक्ट करून अकाउंट काढून टाका. एक्सबॉक्सवर वेगळे काही करावे लागत नाही. ताईने आपल्या यंत्राला होम केले की झाले, पण तो वर्षातल्या ५ बदलांपैकी एक धरला जाईल. त्यानंतर सेव्ह क्लाउडवर चढले आहेत याची खात्री करा. स्विचचे काही गेम क्लाउड सेव्ह घेत नाहीत. त्यांचा डेटा सेटिंग्जमधल्या ‘डेटा मॅनेजमेंट’मधून दुसऱ्या यंत्रावर आधीच हलवावा लागतो, आणि हलवला की तो जुन्या यंत्रावर राहत नाही. मगच रीसेट करा.